भाद्रपदाच्या आधी

पोळ्याच्या आसपास जळगावातल्या माझ्या दवाखान्यात एक प्रश्न रोज येतो : "मॅडम, कुत्रीचं ऑपरेशन नक्की कितव्या महिन्यात करायचं?" विचारणाऱ्याला एक आकडा हवा असतो. सहा महिने म्हटलं की तो मोबाइलमध्ये टिपून घेणार आणि निघणार. पण लॅब्राडोरसाठी एक उत्तर असतं, गावठी कुत्रीसाठी दुसरं आणि मांजरीसाठी तिसरं. शिवाय कुत्री महाबळ कॉलनीतल्या बंद फाटकाच्या बंगल्यात राहते की यावलकडच्या केळीच्या मळ्यात, यावरही उत्तर बदलतं.

तरी वेळ ठरवावी लागतेच. ती आपण ठरवली नाही, तर भाद्रपद ठरवतो. श्रावणातल्या अमावास्येला पोळा होतो, दुसऱ्या दिवशी भाद्रपद लागतो आणि रस्त्यावरच्या कुत्र्यांचा माजाचा हंगाम सुरू होतो. गल्लीत रात्रभर भांडणं चालतात आणि एखादी घरची कुत्री माजावर असली, तर तिच्या फाटकाबाहेर पाच-सहा नर ठाण मांडून बसतात. त्यानंतर दोन महिन्यांनी, खानदेशात थंडी पडू लागते तेव्हा, पोत्यात किंवा खोक्यात घातलेली पिल्लं मेहरूण तलावाच्या काठाला, मंगल कार्यालयाच्या मागे, बसस्थानकाच्या कडेला सापडू लागतात. त्यातली कितीतरी घरच्या कुत्रीची असतात. ज्यांनी ती सोडली ते लोक दुष्ट नसतात. त्यांचा विचार करून व्हायचा असतो, एवढंच. तो विचार वेळेत कसा करायचा, हे मला सांगायचं आहे.

गाईचा माज पाठ असतो

माझं माहेर धुळे जिल्ह्यातलं, पांझरेकाठचं. आमच्याकडे गाय दर २१ दिवसांनी माजावर येते, हे शाळेत जाणाऱ्या पोरालाही ठाऊक असतं. संध्याकाळी माज दिसला तर दुसऱ्या दिवशी सकाळी भरवायची, सकाळी दिसला तर संध्याकाळी, हा हिशेब घराघरात पाठ असतो. गोऱ्हा कोणत्या वयात खच्ची करायचा, हेही ठरलेलं असतं. जनावराच्या शरीराचं वेळापत्रक ओळखण्यात खानदेशातला शेतकरी कुणाला हार जाणार नाही. कुत्री आणि मांजर यांचं वेळापत्रक मात्र त्याला कुणी शिकवलेलं नसतं, म्हणून तेच आधी सांगते.

कुत्रीचा पहिला माज साधारण सहा ते बारा महिन्यांच्या दरम्यान येतो. पॉमेरियनसारख्या लहान जातींत तो पाचव्या-सहाव्या महिन्यातच येऊ शकतो. मोठ्या जातींत दीड वर्ष, क्वचित दोन वर्षंही लागू शकतात. पुढे तो सरासरी सहा-सात महिन्यांनी येत राहतो. रस्त्यावरच्या कुत्रींचा हंगाम पावसाळ्याच्या अखेरीला असतो. घरात पोटभर खाणारी कुत्री कोणत्याही महिन्यात माजावर येऊ शकते.

माज सुमारे तीन आठवडे चालतो. पहिल्या आठवड्यात योनीला सूज येते, फरशीवर रक्ताचे थेंब दिसतात, नर मागे लागतात; पण कुत्री त्यांना जवळ येऊ देत नाही. दुसऱ्या आठवड्यात स्राव फिका होतो, जवळजवळ थांबतो. घरच्यांना वाटतं, संपलं एकदाचं, आणि ते फाटक उघडतात. नेमके तेच तिचे गाभण राहण्याचे दिवस असतात. "रक्त थांबल्यावरच सोडली होती हो" हे वाक्य माझ्यासमोर फार वेळा बोललं गेलं आहे. गाभणकाळ सरासरी ६३ दिवसांचा.

मांजरीचं गणित वेगळं आहे. तिला रक्तस्राव होत नाही. मागे एकदा धुळ्याच्या देवपूर भागातून एक कुटुंब चिमणी नावाची मांजर घेऊन आलं होतं. बरोबरची मुलगी रडत होती, कारण चिमणी दोन रात्री ओरडत होती, फरशीवर लोळत होती आणि पाठीवर हात ठेवला की मागचा भाग उंच करून पाय झाडत होती. पोटात गोळा आला असावा, असं घरच्यांना वाटलं होतं. मी ताप पाहिला, पोट चाचपलं. सगळं ठीक होतं. चिमणी जेमतेम पाच महिन्यांची होती आणि तो तिचा पहिला माज होता. मांजर चौथ्या महिन्यापासून माजावर येऊ शकते, हे ऐकून मुलीच्या आईचा विश्वासच बसेना.

दिवस मोठा होऊ लागला की मांजरी माजावर येतात. आपल्याकडे हिवाळ्यातला दिवसही फार लहान नसतो आणि घरात रात्रीचे दिवे असतात, त्यामुळे त्यांचा हंगाम जवळपास वर्षभर चालतो. नर मिळाला नाही तर दोन-तीन आठवड्यांनी माज परत येतो. नर मिळाला तर त्या मिलनामुळेच बीज सुटतं, म्हणून मांजर सहसा चुकत नाही. पिल्लं अंगावर पीत असतानाही ती पुन्हा गाभण राहू शकते.

ऑपरेशनमध्ये काय होतं

लोक याला पिशवीचं ऑपरेशन म्हणतात, नसबंदी म्हणतात. सरकारी कागदावर निर्बीजीकरण असतं. बायकांच्या कुटुंबनियोजनात फक्त नळ्या बांधतात, पाळी चालू राहते. कुत्री-मांजरीत दोन्ही अंडाशय आणि बहुतेकदा गर्भपिशवीही काढतात. त्यामुळे पिल्लं होत नाहीत आणि माजही कायमचा थांबतो. नरात दोन्ही अंड काढतात. पूर्ण भूल दिलेली असते. पाच-सहा महिन्यांच्या निरोगी कुत्रीच्या पोटावरचा छेद दोन-तीन बोटांचा असतो, तिच्या पिशवीच्या फांद्या करंगळीपेक्षा बारीक असतात आणि बहुतेक कुत्री त्याच संध्याकाळी शेपटी हलवत घरी जातात.

हेच ऑपरेशन आठ वर्षांच्या, पिशवीत पू झालेल्या कुत्रीवर करावं लागतं तेव्हा ते जिवावरचं असतं. ते जवळून दाखवते, कारण "कधी करायचं" या प्रश्नाचा खरा गाभा तिथे आहे.

मे महिना. अमळनेरहून आणलेली पॉमेरियन, नाव राणी, कधीही न व्यायलेली. मालक सांगत होते, चार-पाच दिवस झाले, नुसती पाणी पिते, भांडंभर पिते आणि पुन्हा मागते. बाहेर पारा ४४-४५ वर असताना पाणी पिणारी कुत्री कुणाला आजारी वाटेल? खानदेशातला उन्हाळा ही खूण झाकून टाकतो. मी विचारलं, "माज कधी येऊन गेला?" ते आठवू लागले. "होळीच्या सुमाराला." म्हणजे दीड-दोन महिने झाले होते. राणीचं पोट ताणलेलं होतं, हिरड्या फिकट होत्या, खाणं बंद होतं. सोनोग्राफीत पिशवी पुवाने भरलेली दिसली. पोट उघडलं तेव्हा तिच्या फांद्या माझ्या मनगटाएवढ्या जाड झाल्या होत्या आणि भिंत इतकी पातळ, की उचलतानाही श्वास रोखून धरावा लागला. ती आत फुटली असती तर राणी वाचली नसती.

या आजाराला पायोमेट्रा म्हणतात. प्रत्येक माजानंतर, कुत्री गाभण असो वा नसो, सुमारे दोन महिने तिच्या रक्तात प्रोजेस्टेरॉन हे संप्रेरक चढं असतं. त्याने पिशवीचं अस्तर जाड होतं, तोंड मिटतं आणि माजात वर चढलेले जंतू आत वाढू लागतात. दर माजागणिक हा धोका साचत जातो. स्वीडनमध्ये विमा उतरवलेल्या कुत्रींचा मोठा अभ्यास २००१ साली प्रसिद्ध झाला. त्यात ऑपरेशन न झालेल्या कुत्रींपैकी जवळपास चौथ्या हिश्श्याला दहाव्या वर्षापर्यंत हा आजार झालेला आढळला. पिशवी आणि अंडाशय वेळेत काढले, तर तो होण्याची जागाच उरत नाही. माज येऊन गेल्यावर दोन महिन्यांच्या आत पाणी पिणं वाढलं, खाणं सुटलं, योनीतून घाणेरडा स्राव आला, तर ऋतू कोणताही असो, त्याच दिवशी डॉक्टर गाठा. स्राव दिसत नसेल तर धोका जास्त असतो, कारण पू आत कोंडलेला असतो.

दुसरं कारण स्तनांच्या गाठींचं. १९६९ साली अमेरिकेत झालेल्या एका अभ्यासाचे आकडे आजही सगळीकडे सांगितले जातात. ऑपरेशन न झालेल्या कुत्रीला स्तनांच्या कर्करोगाचा जेवढा धोका असतो, त्याच्या तुलनेत पहिल्या माजाआधी ऑपरेशन झालेलीला ०.५ टक्के, एका माजानंतर ८ टक्के आणि दोन माजांनंतर २६ टक्के धोका उरतो, असं त्यात आढळलं. २०१२ साली ब्रिटनमधल्या संशोधकांनी या विषयावरचे सगळे अभ्यास पुन्हा तपासले आणि पुरावा वाटतो तितका भक्कम नाही, असं मत दिलं. म्हणून या आकड्यांवर मी कुणाला घाबरवत नाही. पण लवकर ऑपरेशन झालेल्या कुत्रीत स्तनांच्या गाठी क्वचितच दिसतात, हा रोजचा अनुभव आहे. मांजरीच्या बाबतीत मी आग्रही असते. तिच्या स्तनांत गाठ आली तर ती बहुतेक वेळा घातक निघते, आणि २००५ सालच्या एका अमेरिकी अभ्यासात सहा महिन्यांच्या आत ऑपरेशन झालेल्या मांजरींत हा धोका ९१ टक्क्यांनी कमी आढळला.

ऑपरेशन झालेलं नसेल तर महिन्यातून एकदा जनावराला उताणं लोळवून छातीपासून मांडीपर्यंत दोन्ही रांगांवरून बोटं फिरवत जा. कुत्रीला सहसा दहा सड असतात, मांजरीला आठ. तुरीच्या दाण्याएवढी गाठ लागली तरी दाखवायला आणा. त्या आकाराला ती काढणं सोपं असतं.

मग वेळ कोणती?

मांजरीपासून सुरुवात करू, कारण तिथे मला शंका नाही. लसी झाल्या, वजन नीट वाढत आहे, तर पाचवा महिना पुरा होईपर्यंत ऑपरेशन उरकावं. बोक्याचंही त्याच सुमाराला. सहा-सात महिने थांबलो तर बऱ्याच मांजरी तोवर गाभण झालेल्या असतात.

गावठी, पॉमेरियन, पग, स्पिट्झ, थोडक्यात मोठेपणी वीस किलोच्या आत राहणारी कुत्री असेल, तर पाच-सहा महिन्यांचं वय, पहिल्या माजाआधी. या आकाराच्या कुत्रींत हाडांची वाढ लवकर पुरी होते आणि लवकर ऑपरेशनमुळे सांध्यांचा त्रास वाढल्याचं दिसलेलं नाही.

लॅब्राडोर, गोल्डन रिट्रिव्हर, जर्मन शेफर्ड यांच्यासाठी मात्र थांबण्यात अर्थ आहे. अंडाशयातलं संप्रेरक हाडांच्या टोकांना "आता वाढ पुरे" असा निरोप देतं. तो निरोप लवकर बंद केला तर हाडं थोडी जास्त काळ वाढत राहतात आणि सांधे जुळण्यात फरक पडू शकतो. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस इथल्या संशोधकांनी २०१३ साली गोल्डन रिट्रिव्हरवर आणि २०२० साली ३५ जातींवर याचा अभ्यास प्रसिद्ध केला. लवकर ऑपरेशन झालेल्या मोठ्या जातींत गुडघ्याच्या आणि खुब्याच्या तक्रारी वाढलेल्या आढळल्या. लॅब्राडोर मादीसाठी त्यांनी वर्षभर थांबायला सुचवलं, जर्मन शेफर्डसाठी जवळपास दोन वर्षं. गोल्डनच्या मादीत काही कर्करोगांचं प्रमाणही ऑपरेशननंतर वाढलेलं दिसलं, म्हणून त्या जातीबाबत मी घरच्यांशी सावकाश बसून बोलते. मोठ्या जातींत ऑपरेशननंतर काही कुत्रींना झोपेत लघवी गळण्याचा त्रास होतो, हेही आधी सांगायला हवं. त्यावर औषध आहे आणि ते लागू पडतं.

थांबायचं म्हटलं तर घराला ते झेपलं पाहिजे. मोठ्या जातीची कुत्री दीड वर्षाची होईपर्यंत एक-दोन माज येऊन जातात. प्रत्येक वेळी तीन आठवडे तिला सांभाळावं लागतं. कंपाउंडची भिंत उंच हवी, फाटकाखालून वाट नको, फिरवताना पट्टा हातातून सुटता कामा नये आणि दुपारी सगळे कामावर गेल्यावर घरात कुणीतरी शहाणं माणूस हवं. रावेरच्या एका केळी बागायतदारांनी मळ्यावर राखणीला जर्मन शेफर्डची मादी ठेवली होती. मी त्यांना विचारलं, "आप्पा, मळ्याला कुंपण आहे का?" ते म्हणाले, "तारेचं आहे, पण कोल्हं-कुत्रं येतंच की." मग मी त्यांना पहिल्या माजाआधीचीच तारीख दिली. पुस्तकात त्या जातीसाठी थांबा लिहिलेला असला तरी उघड्या मळ्यावरच्या कुत्रीला तो लागू होत नाही. दहाव्या महिन्यात तिला आठ पिल्लं झाली असती, तर सांध्यांचा विचार कुणी केला असता?

माज चुकून येऊन गेला तर काय? मग घाई करायची नाही. माजात पिशवीकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्या फुगलेल्या असतात, रक्तस्राव जास्त होतो. त्यानंतर काही कुत्रींना खोटा गाभ राहतो, सडांना दूधही येतं. ते ओसरेपर्यंत, म्हणजे माज संपल्यावर दोन-तीन महिने थांबून ऑपरेशन करावं. पुढच्या माजाच्या आत ते बसतं.

नको असलेलं मिलन झालं असेल तर लगेच डॉक्टरांशी बोला. औषधाच्या दुकानातून कुणाच्या सांगण्यावरून माज थांबवायचं इंजेक्शन आणू नका. त्यात प्रोजेस्टेरॉनच्या जातीचंच संप्रेरक असतं आणि त्यातून पिशवीत पू होण्याचा, स्तनात गाठ येण्याचा धोका वाढतो. दर सहा महिन्यांनी असं इंजेक्शन घेतलेल्या मांजरी मी पाहिल्या आहेत. स्वस्त वाटलेला उपाय शेवटी त्यांच्या अंगावर आला.

खानदेशातला ऋतू आणि गोचीड

आपल्या भागात तारीख ठरवताना आणखी दोन गोष्टी बघाव्या लागतात. एक म्हणजे ऊन. भुलीनंतर काही तास जनावराला स्वतःच्या अंगाचं तापमान नीट राखता येत नाही. ऑपरेशनच्या खोलीत थंडावा असतो, पण घर पत्र्याचं असेल आणि दुपारी वीज गेली, तर मे महिन्यातली ती दुपार अवघड जाते. म्हणून तातडी नसेल तर मी एप्रिल-मे टाळते, नाहीतर सकाळी लवकर ऑपरेशन करून संध्याकाळपर्यंत दवाखान्यात ठेवून घेते. पावसाळ्यात ओल आणि माश्या असतात. अंगणात बांधलेल्या कुत्रीच्या टाक्यांत किडे पडू शकतात. तिला दहा दिवस घरात, कोरड्या जागी ठेवणार असाल तर पावसाळाही चालतो. मात्र चांगल्या ऋतूची वाट पाहत पहिला माज निघून जाऊ देऊ नका.

दुसरी गोष्ट गोचीड. गोचिडीतून येणारा ताप इथे नेहमीचा आहे. त्यात रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट्स घटतात आणि कुत्री वरून धडधाकट दिसत असते. अशा कुत्रीवर तपासणीशिवाय सुरी चालवली तर रक्त थांबत नाही. म्हणून ऑपरेशनआधी रक्ताची तपासणी करते. "एवढी उड्या मारते, कशाला हवी तपासणी?" असं कुणी म्हणालं तर मी हेच समजावते. प्लेटलेट्स कमी निघाल्या तर आधी तापाचे उपचार आणि काही आठवड्यांनी ऑपरेशन.

तयारी फार नसते. लसी आणि जंताचं औषध आधी झालेलं असावं. किती तास उपाशी ठेवायचं, हे डॉक्टरांना विचारून घ्यावं, कारण लहान पिल्लाला मोठ्या कुत्रीइतकं उपाशी ठेवून चालत नाही. खर्च किती, त्यात भूल, तपासणी आणि नंतरची औषधं धरली आहेत का, हे न संकोचता विचारा. जिल्ह्याच्या ठिकाणी पशुसंवर्धन खात्याचा मोठा दवाखाना असतो, तिथेही चौकशी करा.

घरी नेल्यावर दहा ते चौदा दिवस जपायचं. गळ्यात शंकूसारखी कॉलर घातलेली असते. ती बघून घरच्यांना कणव येते आणि ते रात्री काढून ठेवतात. ती काढू नका. एका रात्रीच्या चाटण्याने टाके उसवतात. अंघोळ नाही, जिन्यावर धावपळ नाही. टाक्यांतून रक्त किंवा पू आला, एका दिवसापेक्षा जास्त वेळ खाल्लं नाही, सुस्ती वाढली, तर लगेच दाखवा. बरी झाल्यावर खाणं साधारण चौथ्या हिश्श्याने कमी करा. ऑपरेशननंतर कुत्री लठ्ठ होतात ही तक्रार खरी आहे, आणि तिचा बंदोबस्त ताटलीतच करता येतो.

पाप, राखण आणि नर

"ताई, एक डाव पिलं होऊ द्या, मंग करू." हे मी फार वेळा ऐकते, आणि म्हणणाऱ्याच्या मनात माया असते. आईपण मिळाल्याशिवाय तिचा जन्म अपुरा राहील, असं त्यांना वाटतं. मी हात जोडून सांगते, एकदा व्यायल्याने तिच्या तब्येतीला काही फायदा होत नाही. माज थांबला की ती कशाची वाट पाहत बसत नाही. कुणी पापाची गोष्ट काढली तर मी पिल्लांचं विचारते. सहा झाली तर कुणाकुणाच्या घरी जाणार? नावं सांगा. दोन नावं येतात. तिसऱ्याला मोठी शांतता पडते. उरलेल्या चार पिल्लांसाठी मला बोलावं लागतं, कारण त्यांच्या बाजूने बोलायला त्या खोलीत दुसरं कुणी नसतं.

राखणीचीही काळजी असते. कुत्री घर राखते ती सवयीने, ओळखीने आणि तुमच्यावरच्या जिवाने. पिशवी काढल्याने यातलं काही कमी होत नाही.

नराचा मालक दवाखान्यात ऑपरेशनचा विषय काढत नाही. पण माजाच्या वासाने नर भिंती ओलांडतो, महामार्गावर गाडीखाली येतो, भांडणात फाटतो. शिवाय मिलनातून पसरणारा एक कर्करोग आपल्या रस्त्यांवरच्या कुत्र्यांत बराच दिसतो. त्यात रोगाच्या जिवंत पेशीच एका कुत्र्याकडून दुसऱ्याकडे जातात आणि लिंगावर किंवा योनीत रक्ताळणारी गाठ होते. इंजेक्शनांनी तो बरा होतो, पण त्याला काही आठवडे जातात. नराचं ऑपरेशन मादीपेक्षा सोपं असतं. लहान जातीत सहा महिन्यांच्या सुमाराला, मोठ्या जातीत वाढ पुरी झाल्यावर करावं.

आता थोडं कायद्याविषयी. प्राणिक्रूरता प्रतिबंधक कायदा १९६० चा. त्याखाली केंद्र सरकारने मार्च २०२३ मध्ये प्राण्यांच्या जन्मनियंत्रणाचे नवे नियम काढले. त्यांत पाळीव जनावराचं जंताचं औषध, लसीकरण आणि निर्बीजीकरण ही मालकाची जबाबदारी ठरवली आहे. रस्त्यावरच्या कुत्र्यांची जबाबदारी स्थानिक संस्थेची. जळगाव आणि धुळे दोन्ही शहरांत २००३ पासून महापालिका आहेत. सर्वोच्च न्यायालयानेही २२ ऑगस्ट २०२५ च्या आदेशात निर्बीजीकरण आणि लसीकरण करून कुत्री मूळ जागी सोडण्याचं तत्त्व कायम ठेवलं. पिसाळलेली आणि हिंस्र कुत्री त्यातून वगळली. पण महापालिकेने कितीही कुत्री धरली, तरी घराघरांतून पिल्लं रस्त्यावर येत राहिली तर ते काम कधीच पुरं होणार नाही. तुमच्या गल्लीत सगळे मिळून एका गावठी कुत्रीला भाकरी घालत असाल, तर तिचं ऑपरेशनही सगळे मिळून ठरवा. वर्गणी कोण काढणार, धरून कोण आणणार आणि नंतरचे दहा दिवस ती कुणाच्या ओसरीवर राहणार, एवढं ठरलं की पुष्कळ झालं.

पिल्लू घरी आणल्यावर पहिली लस साधारण दीड-दोन महिन्यांच्या वयात होते. डॉक्टर लसीचं पुस्तक देतात तेव्हाच, पहिल्या पानावर, ऑपरेशनचा महिना लिहून घ्या. मांजर असेल तर पाचवा, लहान किंवा गावठी कुत्री असेल तर सहावा. मोठ्या जातीची असेल तर "पहिल्या वाढदिवसानंतर, डॉक्टरांना विचारून" असं लिहा आणि त्याखाली प्रत्येक माजाची तारीख टिपत जा. घरी वयाने मोठी, ऑपरेशन न झालेली कुत्री असेल तर तिला या महिन्यात तपासायला न्या. रक्त, हृदय ठीक असेल तर सात-आठव्या वर्षीही ऑपरेशन करता येतं आणि करावं. गाईचा माज बोटांवर मोजणाऱ्या आपल्या लोकांना हे जड जाणार नाही. पुस्तक आज काढा आणि महिना लिहा.